मदत हवी आहे: टेम्प्टेशन्सचं 'जस्ट माय इमॅजिनेशन' चौघांत कसं बसवायचं?

आम्ही चौघे मित्र रविवारी गायला बसतो. सध्या टेम्प्टेशन्स या अमेरिकन सोल ग्रुपचं १९७१चं 'जस्ट माय इमॅजिनेशन' घेतलंय. खिडकीतून रोज एका मुलीला जाताना बघत लग्न, घर, मुलं सगळं मनात रचणारा नायक. आणि शेवटी कळतं की ती याला ओळखतही नाही! एडी केंड्रिक्स ते इतक्या हळुवार, पातळ आवाजात गातो की अंगावर काटा येतो. (ग्रुप सोडण्याआधीचं त्याचं हे शेवटचं मोठं गाणं.)

अडचण तिथेच आहे. मूळ गाणं पांढरी एक या पट्टीत. बहुतेक गाणं दोनच कॉर्ड आलटून पालटून, त्यामुळे गिटार सोपी. पण मी फॉल्सेटो (नेहमीच्या आवाजाच्या वरचा पातळ, कृत्रिम आवाज) लावला की 'इमॅजिनेशन'च्या 'ने'वर आवाज चिरकतो. काळी पाचला उतरवलं तर चिरकत नाही, पण सगळी जादूच जाते. खाली त्यांच्या खर्जातल्या गायकाचा, मेल्विन फ्रँकलिनचा, भाग धरणाऱ्याचाही नुसता घों-घों आवाज येतो.

पट्टी तीच ठेवून फॉल्सेटो पक्का करायला काय रियाज करावा? की लीड एखाद्या मुलीला द्यावी? मागच्या व्हायोलिन्सचं काय, कीबोर्डवर चालतील? कोणी हे स्टेजवर केलं असेल तर प्लीज सांगा.