अयुबखान 'पदच्युत' झाले की 'पायउतार'?

विचारणा (विटा, जि. सांगली) :

पाकिस्तानच्या इतिहासाच्या टिपणात मी असे वाक्य लिहिले होते : '१९५८ च्या लष्करी उठावात सत्तेवर आलेले हुकूमशहा अयुबखान १९६९ मध्ये पदच्युत झाले.' अभ्यासिकेतील एका ज्येष्ठ स्नेह्यांनी 'उठाव' आणि 'पदच्युत' या दोन शब्दांखाली पेन्सिलीने रेघ ओढली आणि 'विचार कर' एवढेच सांगितले. या शब्दांत नेमके काय चुकले, आणि अशा माणसाला 'हुकूमशहा' म्हणावे की 'लष्करशहा', हे कृपया जाणकारांनी सांगावे.

उत्तर (सातारा) :

आपल्या स्नेह्यांची पेन्सिल योग्य ठिकाणी थांबली आहे. 'उठाव' या शब्दात उठणारा खाली असतो आणि ज्याच्याविरुद्ध उठायचे तो वर बसलेला असतो. ९ सप्टेंबर १९४२ रोजी वडूजच्या मामलेदार कचेरीवर चालून गेलेली, गोळ्या झेलणारी माणसे आणि पुढे क्रांतिसिंह नाना पाटलांच्या प्रतिसरकारात उतरलेली गावे, यांच्यासाठी हा शब्द आपल्या भागात वापरला जातो. (विटे तेव्हा सातारा जिल्ह्यातच होते, म्हणून 'आपल्या' म्हणतो.) आता पाकिस्तानात काय घडले ते पाहा. ७ ऑक्टोबर १९५८ रोजी राष्ट्राध्यक्ष इस्कंदर मिर्झा यांनी स्वतःच राज्यघटना रद्द केली, मार्शल लॉ पुकारला आणि सरसेनापती अयुबखान यांना त्याचे मुख्य प्रशासक नेमले. पुढे तीन आठवड्यांच्या आतच, २७ ऑक्टोबरच्या रात्री, सेनाधिकारी मिर्झांच्या निवासस्थानी गेले, त्यांच्याकडून राजीनामा लिहून घेतला आणि काही दिवसांत त्यांची रवानगी लंडनला झाली. ज्याच्या हाती सगळे सैन्य आधीपासूनच होते, तो कोणाविरुद्ध 'उठला' म्हणायचे? येथे 'सत्ता बळकावली' हे सरळ मराठी आहे, आणि नामच हवे असेल तर 'लष्करी सत्तापालट' म्हणावे. १९५२ च्या जुलैत इजिप्तमधील मधल्या हुद्द्यांच्या अधिकाऱ्यांनी राजे फारूक यांना घालवले, त्याला मात्र 'लष्करी उठाव' म्हणण्यास माझी हरकत नाही. 'सत्तांतर' हा शब्द येथे अजिबात नको. तो निवडणुकीनंतरच्या शांत बदलालाही चालतो, त्यामुळे त्याच्या आड बंदूक दिसेनाशी होते.

'पदच्युत' या शब्दाविषयी मी थोडे अधिक आग्रहाने लिहितो. च्युत म्हणजे ढळलेला, आपल्या जागेवरून घसरलेला. साताऱ्यात हा शब्द उच्चारला की छत्रपती प्रतापसिंह महाराज आठवतात. कंपनी सरकारने १८३९ मध्ये त्यांना पदच्युत केले आणि काशीला पाठवले. त्यांची कैफियत मांडण्यासाठी रंगो बापूजी वर्षानुवर्षे लंडनमध्ये राहिले. तेथे पद महाराजांचे होते आणि ते दुसऱ्याने हिरावून घेतले, म्हणून त्या शब्दात अन्यायाची सल आहे. जे पद मुळात बळकावलेले होते, त्यासाठी हा शब्द वापरला तर न कळत त्या पदाला अधिकृतपणाची मोहोर लागते, आणि हे मला फार खटकते.

शिवाय अयुबखानांना त्या दिवशी कोणी हुकूम काढून दूरही केले नव्हते. १९६५ च्या जानेवारीत फातिमा जिना यांच्याविरुद्धची निवडणूक त्यांनी जिंकली. मतदार होते त्यांच्याच व्यवस्थेतून निवडलेले ८०,००० प्रतिनिधी. त्याच वर्षी युद्ध झाले, ज्या वेळी आपल्याकडे देवराष्ट्र्याचे यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री होते. १० जानेवारी १९६६ च्या ताश्कंद करारानंतर अयुबखानांच्या देशात नाराजी वाढली, १९६८ च्या हिवाळ्यापासून देशाच्या पूर्व आणि पश्चिम अशा दोन्ही भागांत आंदोलन पेटले आणि २५ मार्च १९६९ रोजी त्यांनी सत्ता सोडली. १९६२ च्या त्यांच्याच राज्यघटनेनुसार कारभार सभापतींकडे जायला हवा होता. तो त्यांनी सरसेनापती याह्याखान यांच्या हाती दिला. घोड्यावरून किंवा पालखीतून उतरून जमिनीवर पाय टेकणे हे 'पायउतार' या शब्दातले मूळ चित्र आहे. उतरणारा स्वतः उतरतो, पण बहुधा नाइलाजाने. येथे तोच शब्द बसतो.

'हुकूमशहा' हा व्यापक शब्द. हिटलर हुकूमशहा होता, पण लष्करशहा नव्हता. पहिल्या महायुद्धात तो साधा कॉर्पोरल होता आणि पुढे त्याला सत्ता मिळाली ती पक्षाच्या जोरावर. आदिलशाही, निजामशाही या जुन्या नावांतली 'शाही' आपण लोकशाहीला आणि नोकरशाहीला जोडली, त्याच ओळीत 'लष्करशाही' आली आणि तिचा धनी तो 'लष्करशहा'. ज्याचा हुकूम गणवेशातून निघतो आणि लष्कराने हात काढून घेताच संपतो, त्याला हाच शब्द वापरावा.

पुरवणी (मिरज) :

'मार्शल लॉ'ला काही जण 'लष्करी कायदा' म्हणतात, ते टाळावे. त्यातून सैनिकांच्या शिस्तीचा कायदा असा अर्थ निघतो. १९३० मध्ये सोलापुरात तो लागू झाला, तेव्हापासून लोकांनी 'मार्शल लॉ' हेच शब्द तोंडी ठेवले आहेत आणि त्यांचा अर्थ कोणाला समजावून सांगावा लागत नाही.

पुन्हा विचारणा (विटा) :

आभारी आहे. मग याह्याखान यांच्याबद्दल काय लिहावे? तेही 'पायउतार'च का?

उत्तर (सातारा) :

१६ डिसेंबर १९७१ रोजी ढाक्यात पाकिस्तानी सैन्याने शरणागती पत्करली, त्या घटनेला 'पाडाव' शोभतो, कारण पाडाव रणांगणात होतो, सैन्याचा किंवा किल्ल्याचा होतो. त्यानंतर याह्याखान यांच्यावर त्यांच्याच अधिकाऱ्यांचा रोष ओढवला आणि २० डिसेंबरला त्यांनी भुत्तो यांच्याकडे सत्ता सोपवली; तेव्हा 'पाडावानंतर त्यांना पायउतार व्हावे लागले' असे लिहावे. त्यातले 'व्हावे लागले' गाळू नये. पुढचे लष्करशहा झिया उल हक मात्र १७ ऑगस्ट १९८८ च्या विमान अपघातात सत्तेवर असतानाच गेले, म्हणून तेथे यांतला एकही शब्द चालणार नाही. 'राजवटीचा अंत झाला' एवढेच म्हणावे.