फोर्ट ऑर्डच्या बराकी : भिंतींवरची चित्रं जपायची की पाडून घरं बांधायची?

मनवा :
कॅलिफोर्नियात माँटेरे खाडीकाठचा फोर्ट ऑर्ड हा लष्करी तळ १९९४ साली बंद झाला. व्हिएतनामला गेलेली कितीतरी पोरं इथेच कवायत शिकली. रिकाम्या बराकींच्या भिंतींवर सैनिकांनी काढलेली चित्रं होती, पुढे त्यांवर स्प्रे-रंगानं चित्रं काढणाऱ्यांनी आपली काढली. आता बराकी पाडल्या जातायत. सैनिकांचा क्लब असलेला स्टिलवेल हॉलही समुद्रानं कडा खाल्ला म्हणून २००३ साली पाडला. जवळच मरिना गावात, तळाच्याच जुन्या घरांत, बेघर माजी सैनिकांसाठी केंद्र चालतं. थोड्या भिंती राखा आणि जपायचं काम याच माणसांना पगारावर द्या, असं मला मनापासून वाटतं.

दत्ता_सातारकर :
ताई, साफ असहमत. आमच्या घरात तीन पिढ्या फौजी, म्हणून जीव तुटतो. या जुन्या बराकींत शिशाचा रंग आणि अ‍ॅस्बेस्टॉस आहे, दोन्हींची धूळ शरीराला घातक. त्या धुळीत या बेघर माजी सैनिकांना कामाला लावायचं? १९८७ च्या मॅकिनी कायद्यानं सरकारच्या वापरात नसलेल्या इमारतींवर बेघरांना पहिला हक्क दिला होता. बंद होणाऱ्या तळांसाठी मात्र १९९४ मध्ये नियम बदलला : बेघरांची गरज आणि गावाचा विकास यांचा मेळ स्थानिकांनीच घालायचा. भांडायचं तर त्यातल्या बेघरांच्या वाट्यासाठी भांडा. २०१० मध्ये अमेरिकेत ७० हजारांहून जास्त माजी सैनिक बेघर होते, जानेवारी २०२४ च्या मोजणीत ३२,८८२. हा आकडा उतरला त्यात भाड्याला मिळालेल्या मदतीचा मोठा वाटा आहे.

कौमुदी :
दोन्ही जमतं की! सॅन फ्रान्सिस्कोत प्रेसिडिओ या जुन्या तळावर माजी सैनिकांची वसाहत आहे. गोल्डन गेट पूल ओलांडला की फोर्ट बॅरी हा दुसरा जुना तळ, तिथे हेडलँड्स कलाकेंद्र. तिथल्या पडक्या बराकी कलाकारांनीच दुरुस्त केल्या.

दत्ता_सातारकर :
हेडलँड्सला कलाकार काही आठवडे राहतो आणि आपल्या घरी परततो. परतायला घर असतं त्याला. मुद्दा तोच आहे.

मनवा :
दत्तादादा, धुळीचं तुमचं बरोबर, ते माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. छप्पर आधी, हेही मान्य. पण पाडण्याआधी प्रत्येक भिंतीचा फोटो तरी काढा. आणि नव्या घरांच्या भिंती रंगवायच्या असतील तर पहिला ब्रश तिथे राहणाऱ्याच्या हातात द्या, बाहेरच्या चित्रकाराच्या नको.

दत्ता_सातारकर :
याला माझी ना नाही. फक्त किल्ली आधी, ब्रश नंतर.