बीदरच्या किल्ल्यातले महाल : गाइड घ्यावा का, आणि कसा निवडावा?

चाफेकळी
नमस्कार मंडळी. नाताळच्या सुट्टीत बीदरला जायचं घाटतंय. मी, नवरा, नववीतली लेक आणि सासूबाई. सासूबाई सत्तरीच्या पुढे आहेत, गुडघे कुरकुरतात, पण हौस आमच्या सगळ्यांपेक्षा दांडगी. मुंबईहून रेल्वेने थेट जाणार, मुक्काम तिथेच.

मुख्य प्रश्न गाइडचा आहे. मागे मांडूला घेतलेल्या गाइडने सगळा वेळ रूपमती आणि बाजबहादूरमध्येच घालवला. जहाज महालात पाणी कसं खेळवलं होतं, असं लेकीने विचारलं तर "राजाओं का शौक था, बेटा" म्हणून मोकळा झाला. बीदरला तसं नको. गाइड घ्यावा का? घेतला तर काय बघून? आणि सासूबाईंना कितपत झेपेल?

पायपीट
गाइडबिइड काही लागत नाही. पाट्या आहेत, त्या वाचा आणि निवांत हिंडा. वाचलेल्या पैशांत बिदरीची, म्हणजे काळ्या धातूवर चांदी बसवलेल्या तिथल्या कामाची, एखादी डबी घ्या.

देवणीकर
पायपीट, पाटी वाचून कुलूप उघडत नाही हो!

चाफेकळीताई, आमचं गाव उदगीरच्या बाजूला. १९५६ पर्यंत उदगीर बीदर जिल्ह्यातच होतं, आजोबांच्या जमिनीच्या कागदांवर अजून 'जिल्हा बीदर' आहे. घरी पाहुणे आले की त्यांना किल्ला दाखवायची कामगिरी माझ्याकडे येते, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पहिली गोष्ट, किल्ला उघडा असला तरी आतले चांगले महाल बऱ्याचदा बंद असतात. रंगीन महाल, तख्त महाल, गगन महाल, कधी सोळा खांबी मशीदसुद्धा. नासधूस होते, भिंतींवर बदाम आणि नावं कोरतात, म्हणून ते कुलूप आहे आणि त्यात मला काही गैर वाटत नाही. जुन्या हमामखान्यात पुरातत्त्व खात्याचं संग्रहालय आहे, तिथे आधी जायचं. घरची मंडळी आहेत, मुलगी अभ्यासासाठी आली आहे, असं नीट सांगून विनंती केली तर बहुतेक वेळा कुणीतरी किल्ली घेऊन सोबत येतं. सकाळी लवकर गेलात तर जास्त शक्यता. जेवणाच्या वेळेला जाऊ नका. गाइडचा पहिला उपयोग इथेच होतो : तो रोजचा असतो, कुणाला विचारायचं ते त्याला ठाऊक असतं.

दुसरं म्हणजे निवड. दारात भेटलेल्याला लगेच हो म्हणू नका. हॉटेलात आदल्या संध्याकाळी विचारा, दोन-तीन नावं पुढे येतात. भाषेची चिंता नाही. बीदरात कानडी, दखनी, मराठी, तेलुगू सगळं चालतं आणि मराठीत समजावणारेही भेटतात. पैसे, वेळ आणि कायकाय दाखवणार हे आधीच बोलून घ्यायचं. गावाबाहेर अष्टूरला असलेले बहमनी सुलतानांचे मकबरे आणि गावातला महमूद गवानचा मदरसा त्यात धरलेत की नाहीत, तेही.

माझी एक परीक्षा आहे. गप्पा मारता मारता विचारायचं, "रंगीन महाल कुणाचा?" 'बहमनी बादशहाने लाडक्या राणीसाठी बांधला' असं उत्तर आलं तर रामराम करून पुढे निघायचं. आज दिसतो तो रंगीन महाल अली बरीदशहाच्या काळातला, म्हणजे १६ व्या शतकाच्या उत्तरार्धातला. बहमनी सत्तेची तोवर पाच शकलं झाली होती, त्यातलं बीदरचं ते बरीदशाही. ज्याला एवढा फरक ठाऊक आहे त्याच्यासोबत अर्धा दिवस मजेत जातो.

सासूबाईंचं म्हणाल तर रिक्षा किल्ल्याच्या आतपर्यंत जाते. शर्झा दरवाजा आणि गुंबद दरवाजा ओलांडला की महाल एकमेकांच्या जवळजवळ आहेत. रंगीन महालाला पायऱ्या आहेत. तख्त महालाकडे जमीन खडबडीत आहे, तिथे काठी हवी. हजार कोठडीच्या तळघरात त्यांना नेऊ नका. लाल बागेत सावलीला बसवा, समोरच सोळा खांबी मशीद दिसते.

पडवी
देवणीकरांची परीक्षा आवडली. मी तिला पुरवणी जोडते.

बीदरचे महाल एका माणसाने एका दमात बांधलेले नाहीत. अहमदशहा वली बहमनीने (राज्यकाळ १४२२ ते १४३६) राजधानी गुलबर्ग्याहून इथे आणली, पुढे बरीदशाहीने त्याच भिंतींवर मजले चढवले, दालनं बदलली. तरकश महालात हे स्वच्छ दिसतं, खालचा भाग जुना आणि वरचा नंतरचा. म्हणून गाइडला 'हे कुणी बांधलं' यापेक्षा 'यातलं जुनं कुठलं आणि नंतरचं कुठलं' असं विचारा. जाणकार असेल तर तो भिंतीशी नेऊन दगड आणि चुना दाखवेल.

रंगीन महालात घाई करू नका. बाहेरून तो काही विशेष वाटत नाही, आणि म्हणूनच कुलूप पाहून लोक परत फिरतात. आत लाकडी खांब आहेत, त्यांचं कोरीवकाम थेट देवळातल्या सुतारकामाच्या घराण्यातलं. त्याच्या पलीकडे दारांच्या चौकटींना काळ्याकुळकुळीत दगडात शिंपल्याचे पातळ तुकडे बसवून वेलबुट्टी आणि फारसी ओळी काढल्या आहेत. जोडीला रंगीत फरशांचं काम. एवढ्याशा जागेत तीन परंपरांचे कारागीर शेजारी शेजारी बसून काम करत होते. आत उजेड कमी असतो, तेव्हा विजेरी न्या. विजेरी तिरकी धरली तर शिंपला गुलाबी-हिरवा चमकतो. फ्लॅश मारू नका, आणि लेकीला हात लावू देऊ नका.

तख्त महालात कमानीच्या कोपऱ्यांत वाघ आणि त्याच्या पाठीमागून उगवणारा सूर्य आहे, फरशांच्या तुकड्यांत केलेला. पुष्कळ फरशा गळून गेल्यात, पण जे उरलंय त्यावरून इराणशी किती घसट होती ते कळतं. नुसत्या पडक्या भिंती बघायच्या नसतील तर हा वाघ शोधल्याशिवाय बाहेर पडू नका. गाइडने तो आपणहून दाखवला नाही, तर बाकी काय दाखवलं असेल याची मला शंकाच आहे.

शेंगपोळी
तुम्ही सगळे गोष्टींच्या मागे हात धुऊन का लागलात? आम्हाला बीदर ठाऊक झालं तेच दामाजीपंतांमुळे. मंगळवेढ्याची कोठारं दुष्काळात लुटवली, आणि विठू महार होऊन पांडुरंगाने बीदरच्या बादशहाकडे धान्याचे पैसे भरले. आजीकडून हे ऐकत मोठे झालो. किल्ल्यात गेल्यावर माझ्या डोळ्यांपुढे तेच येतं. फरशा राहू द्यात बाजूला.

पडवी
शेंगपोळी, गोष्टीला ना नाही, मीही तीच ऐकत मोठी झालेय. दामाजीपंतांचा दुष्काळ साधारण १४६० च्या आसपासचा सांगतात, म्हणजे तख्त तेव्हा बीदरलाच होतं. गोष्ट आणि जागा जुळते. माझं भांडण फक्त त्या गाइडशी, जो एका कोनाड्याकडे बोट दाखवून 'विठू महाराने थैली इथेच ओतली' म्हणतो. दिवाण-ए-आमचे आता खांबांचे पायथे तेवढे उरलेत. तिथे उभं राहून आजीची गोष्ट लेकीला तुम्हीच सांगा, गाइडपेक्षा बरी सांगाल.

चौलचा_घोडा
गोष्टच हवी तर डोळ्यांनी पाहणाऱ्याची घ्या की. अफनासी निकीतीन हा रशियन व्यापारी १४७० च्या सुमारास बीदरला राहून गेला. उतरला आपल्या चौलला, विकायला एक घोडा घेऊन. तिथून जुन्नर. जुन्नरच्या खानाने घोडा काढून घेतला आणि 'मुसलमान हो, मग देतो' म्हणाला, हा किस्सा त्याने स्वतः लिहून ठेवलाय. (घोडा नंतर परत मिळाला.) रेवदंड्याच्या शाळेत त्याचं स्मारकही आहे.

तो बीदरच्या राजवाड्याबद्दल लिहितो की सात दरवाजे आहेत, दर दरवाजात शंभर पहारेकरी आणि शंभर लेखनिक, कोण आत गेलं आणि कोण बाहेर आलं ते लिहिणारे. दगडन् दगड कोरलेला, सोन्याने मढवलेला. आणि परक्याला आत प्रवेश नाही! आकडे तोंडाला येतील तसे असतील, पण लेकीला हे वाचायला द्या आणि मग दरवाजे मोजायला लावा.

पायपीट
म्हणजे तेव्हाही आत सोडत नव्हते. वा!

चाफेकळी
सगळ्यांचे मनापासून आभार. लेकीने निकीतीन शोधायला घेतलासुद्धा. म्हणजे किल्ल्यासाठी गाइड पक्का. अष्टूर आणि मदरशालाही सोबत ठेवू का? आणि किल्ल्याला एक सकाळ पुरेल ना?

देवणीकर
सकाळी उघडताच आत गेलात तर जेवणापर्यंत महाल होतात. तटबंदी आणि तिहेरी खंदक बघायचा असेल तर अजून थोडा वेळ धरा. तो खंदक जांभ्या खडकात खोदून काढलाय, मध्ये खडकाच्या भिंती तशाच ठेवून. साहेबांना, म्हणजे तुमच्या यजमानांना, तो जास्त आवडेल असा माझा अंदाज.

मदरशाला गाइड नको. बहमनी वजीर महमूद गवानने १४७२ च्या सुमारास बांधला. दर्शनी भागावर निळ्या-पांढऱ्या फरशा आणि दोनपैकी एक मिनार शिल्लक आहे, समोर उभं राहिलं की सगळं दिसतं. गवानची शोकांतिका लेकीला आधी सांगून ठेवा. खोट्या पत्रावर विश्वास ठेवून सुलतानाने १४८१ मध्ये त्याला मारलं, आणि तिथून बहमनी राज्याला जी उतरती कळा लागली ती लागलीच.

अष्टूरला मात्र दुपार टळल्यावर जाऊ नका. अहमदशहा वलीच्या मकबऱ्यात घुमटाच्या आतून चित्रकाम आहे, सोनेरी, शेंदरी, निळं, आणि आत मिट्ट काळोख. मी नेलेल्या पाहुण्यांना तिथल्या राखणदाराने दारात आरसा धरून ऊन वर फेकून दाखवलं होतं. उन्हाशिवाय ते जमत नाही. राखणदाराच्या हातावर चार पैसे आवर्जून ठेवा. उरुसाला तिथे हिंदू-मुसलमान दोघंही येतात, लिंगायत भाविकही. तेव्हा डोकं झाकायला रुमाल असू द्या. बाजूलाच हुमायूनचा मकबरा आहे, मुघल नव्हे, 'जालीम' म्हणतात तो बहमनी सुलतान. वीज पडून घुमट अर्धा कोसळलाय, त्यामुळे घुमटाची जाडी आणि आतली रचना उघडी दिसते. लेक तिथून हलणार नाही बघा.

पडवी
बिदरीसाठी चौबाऱ्याच्या, म्हणजे जुन्या गावातल्या मधल्या बुरुजाच्या, आसपासच्या गल्ल्यांत कारखानेच आहेत. दुकानात शिरण्याआधी काम बघा. जस्त-तांब्याचं ओतीव भांडं, त्यात चांदीची तार ठोकून बसवतात आणि शेवटी किल्ल्यातली जुनी माती आणि नवसागर घालून उकळतात. भांडं काळं होतं, चांदी तशीच राहते. रंगीन महाल बघून लगेच इथे आलात तर काळ्यावर चमकतं काम करायची ही आवड या गावाला किती जुनी आहे ते वेगळं सांगावं लागणार नाही.

चाफेकळी
शेवटचा प्रश्न, मग पीडत नाही. परतताना गुलबर्गा उरकता येईल का? नकाशात जवळ दिसतंय.

देवणीकर
शंभरावर किलोमीटर आहे ताई, आणि 'उरकायचं' गाव नाही ते. किल्ल्यातली जामा मशीद १३६७ ची आहे, अंगण न ठेवता सगळीच छताखाली घेतलेली, भारतात अशी क्वचितच. तिला वेगळा दिवस हवा. सासूबाई सोबत असताना या फेरीत नकोच.

चाफेकळी
बरं, गुलबर्गा रद्द. सासूबाई विचारताहेत की नानक झिरा गुरुद्वाऱ्यात लंगरला बसता येईल का.

शेंगपोळी
बसता येईल की! डोकं झाका आणि पंगतीत बसा. मुक्कामाची सोयही तिथे आहे. नाताळात हॉटेलं भरलेली असतील तर आधी तिथेच चौकशी करा.