एकजिनसीपणा होता, की घडवला गेला?
"नॉर्डिक (म्हणजे नॉर्वे, स्वीडन, फिनलंड वगैरे उत्तर युरोपीय देशांतला) समाज मुळातच एकजिनसी, म्हणून तिथे कल्याणकारी राज्य जमलं" असा मुद्दा मांडला जातो, तो मला पटत नाही. फिनिश भाषेचं स्वीडिश-नॉर्वेजियनशी नातंच नाही, ती हंगेरियनच्या कुळातली, म्हणजे भाषेतही तिथे एकजिनसीपणा नाही. पण सामी लोकांचा उल्लेख अशा चर्चेत येत नाही, आणि माझ्या मते तोच कळीचा आहे. नॉर्वे, स्वीडन, फिनलंड आणि रशियाचा कोला द्वीपकल्प एवढ्या पट्ट्यात पसरलेले हे मूळनिवासी. नॉर्वेने त्यांना 'नॉर्वेजियन' करण्याचं धोरण अनेक दशकं राबवलं. निवासी शाळांत मुलांची मातृभाषा तोडली. १९०२ सालच्या कायद्याने तर नॉर्वेच्या अगदी उत्तरेकडच्या फिनमार्कमध्ये सरकारी जमीन विकत घ्यायची तर नॉर्वेजियन बोलता-लिहिता येणं बंधनकारक केलं. म्हणजे ज्या जमिनीवर पिढ्यान्‌पिढ्या रेनडियर चारले, तीच घ्यायला परकी भाषा शिका! आपण ज्याला एकजिनसीपणा म्हणतोय, त्यातला बराच भाग असा घडवलेला आहे.

१९७९ ते ८१च्या सुमारास फिनमार्कमधल्या आल्ता नदीवरच्या धरणाविरुद्ध सामी तरुण ओस्लोत संसदेसमोर उपोषणाला बसले. धरण झालंच, पण त्या लढ्यातून १९८९मध्ये सामी संसद, म्हणजे सामींनी निवडून दिलेली त्यांची स्वतःची प्रातिनिधिक संस्था, उभी राहिली. 'नॉर्वेजियन' करण्याच्या त्या धोरणाबद्दल नॉर्वेच्या संसदेने औपचारिक माफी मागितली ती थेट नोव्हेंबर २०२४मध्ये. आणि जमिनीचा प्रश्न अजून मिटलेला नाही: मध्य नॉर्वेतल्या फोसेनच्या पवनचक्क्यांनी सामींच्या हक्कांचं उल्लंघन होतं असा निकाल नॉर्वेच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२१मध्ये दिला, तरी निकालानंतरही त्या फिरतच राहिल्या.