चकव्याची खोटी वाइल्डलाइफ फिल्म करायलोय, पण चकवा काढायचा कसा?

मांजराकाठ: मंडळी ४ मिनिटांचं ॲनिमेशन करायलोय, जनावरांच्या डॉक्युमेंटरीसारखं एकदम गंभीर आवाजात, फक्त जनावर म्हणजे आपला चकवा, रात्री रानात माणसाची वाट चुकवतो म्हणतेत तो. आवाज रेकॉर्ड बी झाला, "ज्वारी कंबरेला लागली की नर बांधावर येऊन बसतो" असलं कायबाय. घोडं अडलंय चित्रावर. शिंगं दिली की राक्षस वाटायलाय, केस सोडले की हडळ. सेकंदाला १२ चित्रं धरली तरी २८८० होतेत, एवढं काढून आजी म्हणली "हे तरस हाय का" तर गेलं सगळं पाण्यात. कुणी बघितलाय का?

गोदाकाठची: बघितलेला कुणीच भेटणार नाई दादा. हडळ धरती, भूत दिसतं, चकवा *लागतो*. त्याला तोंडच नाई तर काढतूस काय? आमचे मामा येळवसच्या रात्री शेतातल्या आखाड्यावरून एकटेच निघाले, तीनदा त्याच बाभळीपाशी आले, मग कटाळून तिथंच बसले. उजाडल्यावर बघतेत तर गाव दोन शेतं पलीकडं, आन् नांगरटीत त्यांच्याच चपलेचे ठसे, एकावर एक, गोल. तेवढं काढ.

बिनचंद्राचा: ताईचं बरोबर. २००९ ला जर्मनीतल्या मॅक्स प्लँक इन्स्टिट्यूटवाल्यांनी माणसं जंगलात आन् सहारात चालवून बघितली. सूर्य नाईतर चंद्र दिसत होता तोवर सरळ गेली, ढगाआड गेला की वळायली, आन् डोळे बांधल्यावर तर कधीकधी २० मीटरपेक्षा छोट्या गोलात फिरली. एक पाय आखूड असतो म्हणून माणूस एकाच बाजूला वळतो म्हणतेत ते बी टिकलं नाई, तोच माणूस कधी डावीकडं कधी उजवीकडं. आन् येळवस म्हणजे अमावस्याच की, चंद्र आणणार कुठून!

हुरडापार्टी: विज्ञान सांगून मजा घालवू नका राव 😄

बिनचंद्राचा: घालवत नाई, निवेदकाच्या तोंडी द्या म्हणायलोय. "हा प्राणी चांदण्यात शिकार करत नाही." झालं.

मांजराकाठ: आयला, हे भारी हाय. मग चकवा काढतच नाई, नुसती ज्वारी हलवतो, आवाजाला टिटवी, आन् वरून गोल उमटत जाणारे ठसे. ताई, मामांची चप्पल कसली होती?

गोदाकाठची: टायरची. डावी टाच पार झिजलेली.