दुसऱ्याच्या पूजेत आपण कुठे उभं राहायचं? (चिचिकास्तेनांगो, ग्वाटेमाला)

रानजाई

डिसेंबरात आम्ही दोघं ग्वाटेमालाला जाऊन आलो. ह्यूस्टनहून तीनेक तासांचं विमान, तरी इतकी वर्षं राहून गेलं होतं. तळी-ज्वालामुखींबद्दल पुढे कधीतरी लिहीन. आज एकच गोष्ट विचारायची आहे.

चिचिकास्तेनांगोला (सगळे 'चिची'च म्हणतात) रविवारचा बाजार पाहिला, सांतो तोमासचं चर्च पाहिलं. मग गाइड म्हणाला, वर टेकडीवर पास्कुआल आबाख आहे, इथल्या मूळच्या माया लोकांचं देवस्थान, चला. मुखवटे करणाऱ्यांच्या कारखान्यामागून पायवाट जाते. वर पाइनची झाडं आणि धुराने काळी पडलेली, कमरेएवढी एक शिळा. आपल्याकडे गावाच्या वेशीवर म्हसोबा असतो ना, तसंच वाटलं मला.

तिथे एका कुटुंबाची पूजा चालू होती. एक म्हातारी, तिचा मुलगा असावा, आणि पाठीशी शाळेचं दप्तर असलेली एक मुलगी. पूजा सांगणाऱ्या माणसाने जमिनीवर साखरेने वर्तुळ काढलं, त्यावर कोपालच्या (धुपासारख्या राळेच्या) वड्या, मेणबत्त्या, चॉकलेट रचलं आणि पेटवलं. मग तो त्यांच्या पंचांगातल्या एकेक दिवसाचं नाव घेऊन मोजायला लागला. किचे या त्यांच्या माया भाषेतलं एक अक्षर कळत नव्हतं, पण लय ओळखीची होती. आजोबा संकल्प सांगायचे तशी.

गाइड म्हणाला, फोटो काढा, चालतं. मी फोन वर केला आणि म्हातारीने डोक्यावरचं कापड पुढे ओढून घेतलं. मी ते पाहिलं. तरी बटण दाबलं.

आता प्रश्न. फोटो चुकला हे मलाही कळतं. पण मुळात तिथे जावं का? नवरा म्हणतो, जाऊच नये. मला ते पटत नाही, पण त्याला सांगण्यासारखं उत्तरही सापडत नाही.

घाटमाथा

उगाच मनाला लावून घेताय ताई. ही टेकडी काही गुप्त नाही, गेली कित्येक दशकं प्रत्येक प्रवासी पुस्तकात आहे. गुरुवार-रविवारच्या बाजारावर अख्खं गाव जगतं. गाइड तिथलाच, मुखवटेवाला तिथलाच, फुलं विकणाऱ्या बायका तिथल्याच. सगळे 'सुसंस्कृत' प्रवासी उद्यापासून घरी बसले, तर नुकसान कोणाचं?

आणि आपण कोण लागून गेलो हो मोठे? पंढरीच्या वाटेवर रिंगण सुरू झालं की घोड्याच्या पायाखाली कॅमेरे असतात, ते काय परदेशी लोकांचे? दुसऱ्याची श्रद्धा पाहायची इच्छा होणं हा गुन्हा नाही.

कावळा_बसला

घाटमाथा, बाजार आणि पूजा एका तागडीत कशाला घालता? बाजारात मी ग्राहक आहे, तिथे माझं येणं धरलेलं आहे. त्या म्हातारीने मला धरलेलं नव्हतं.

गाइडने दिलेली परवानगी ही त्या कुटुंबाची परवानगी नव्हेच. त्याला तुमच्याकडून टिप मिळणार, तो 'चालतं'च म्हणणार. मणिकर्णिकेसमोर नावाडी होडी थांबवतो आणि म्हणतो, काढा साहेब, कोणी काही बोलत नाही. ज्याचा बाप चितेवर आहे त्याला विचारलंय का कोणी?

आपण तर पुरीच्या जगन्नाथाला परधर्मीयांना दारातूनच परत पाठवतो. तिथे 'कुतूहल आहे हो' म्हणून भागत नाही. मग दुसऱ्याच्या देवापाशी आपलं कुतूहल एवढं पवित्र कसं होतं?

झेंडूची_फुलं

मी ग्वाटेमालातल्याच अँटिग्वा गावात चार महिने स्पॅनिश शिकायला होते, म्हणून थोडं लिहिते. 'माया स्थळं' असा एकच डबा करून चर्चा होणार नाही. प्रत्येक ठिकाणाचे घरचे नियम वेगळे आहेत.

सांतियागो आतितलानला माशिमोन आहे. लाकडी देव, डोक्यावर हॅट, गळ्यात रुमालांचा ढीग, तोंडात सिगार. दरवर्षी तो गावातल्या एका घरातून दुसऱ्या घरी राहायला जातो आणि त्याची सगळी व्यवस्था कोफ्रादिया, म्हणजे मानकऱ्यांची मंडळी, बघते. पाहुण्यांनी दारात पैसे द्यायचे, फोटोचे वेगळे. मी गेले तेव्हा एक जण मजेत बसून त्याच्या सिगारची राख झटकत होता आणि शेजारी दुसरा माणूस रडत रडत काहीतरी मागत होता. तिथे मला अवघडल्यासारखं झालं नाही, कारण घरच्यांनीच दर ठरवला होता आणि घरचेच समोर बसले होते.

सीमेपलीकडे मेक्सिकोत, चियापासमध्ये, सान हुआन चामुला. चर्चमध्ये बाकं नाहीत, जमिनीवर पाइनच्या सुया पसरलेल्या, त्यावर शेकडो मेणबत्त्या, अंडी, कोंबड्या, कोका-कोलाच्या बाटल्या. तिकीट काढून कोणीही आत जावं, पण फोटोला सक्त मनाई. गंमत म्हणून सांगितलेला नियम नाही तो, फोन काढलात तर गावकरी खरंच अडवतात.

चिचीच्या सांतो तोमासला पुढच्या अठरा पायऱ्या पूजा करणाऱ्यांच्या. पत्र्याच्या डब्यांतून कोपालचा धूर, फुलवाल्या बसलेल्या. पाहुण्यांनी बाजूच्या दाराने जायचं आणि आत फोटो नाही.

म्हणजे बघा, या तिन्ही ठिकाणी कोणीतरी 'इथपर्यंत या, इथून पुढे नको' असं सांगितलंय. टेकडीवर ते सांगणारं कोणी नसतं. रानजाई, तुमची अडचण तिथेच झाली.

घाटमाथा

झालं तर मग! नियम आहे तिथे पाळा, नाही तिथे मोकळीक.

कावळा_बसला

नियम लिहिलेला नाही म्हणून मोकळीक? तुमच्या घराच्या दारावर 'चोरी करू नये' अशी पाटी आहे का?

झेंडूची_फुलं

भांडू नका हो. एक संदर्भ द्यायचा राहिला. ग्वाटेमालात 1960 ते 1996 यादवी चालली. सत्यशोधन आयोगाने 1999 साली अहवाल दिला, त्याप्रमाणे दोन लाखांवर माणसं मेली किंवा गायब झाली आणि ओळख पटलेल्या बळींपैकी 83 टक्के माया होते. या किचे मुलखात तर गावंच्या गावं जाळली. त्या काळात असा विस्तव पेटवणं जिवावरचं होतं. पास्कुआल आबाखची शिळासुद्धा 1950च्या दशकात कट्टर कॅथलिकांनी फोडलेली आहे, आज दिसते ती डागडुजी केलेली. 1995च्या करारात सरकारने माया अध्यात्म आणि पवित्र जागा मान्य केल्या, तेव्हा कुठे हे उघड्यावर आलं.

पण संपलं म्हणावं तर तसंही नाही. जून 2020 मध्ये पेतेन भागात दोमिंगो चोक चे या केक्ची माया वैद्याला करणी केल्याचा आळ घेऊन जिवंत जाळलं. वनौषधींचा जाणकार माणूस, विद्यापीठांतल्या संशोधकांबरोबर काम करणारा. त्या म्हातारीने कापड पुढे ओढलं ते लाजून असेल, रागाने असेल, नाहीतर आपलं तोंड अनोळखी फोनमध्ये जाऊन कुठे पोचेल या धास्तीने असेल.

रानजाई

हे मला माहीत नव्हतं. ती लाजली असेल एवढंच मी धरून चालले होते.

घाटमाथा

वाचून वाईट वाटलं, खरंच. पण मी उलटं म्हणेन. जी गोष्ट लपून करावी लागत होती ती आज पाहुण्यांसमोर होते, ह्यात त्यांची ताठ मान नाही का? परदेशी लोक आदराने बघायला येतात, म्हणजे ही चेटूक-करणी नाही, हे शेजारच्या गावालाही कळतं. आपली वारली चित्रं बाहेरच्यांनी वाखाणली नसती तर जव्हार-डहाणूबाहेर त्यांना कोणी विचारलं असतं?

मोडी_वाचक

मधे तोंड घालतो. कुतूहलाची बाजू घ्यायची तर पूर्ण घ्या.

सांतो तोमासच्याच पाद्र्याने, फ्रान्सिस्को हिमेनेसने, 1700च्या आसपास किचे लोकांकडचा 'पोपोल वुह' हा त्यांच्या सृष्टिकथांचा ग्रंथ उतरवून घेतला, शेजारी स्पॅनिश भाषांतर लिहिलं. तीच प्रत उरली, आज ती शिकागोच्या न्यूबेरी ग्रंथालयात आहे. बाहेरच्या माणसाला उत्सुकता नसती तर हा ग्रंथ आपल्याला मिळता ना.

आता दुसरा पाद्री. दिएगो दे लांदा. मेक्सिकोतल्या युकातानात मानी गावी जुलै 1562 मध्ये त्याने माया पोथ्यांची होळी केली. आज जगात फक्त चार उरल्यात. आणि याच लांदाने पुढे बसून माया लोकांचे सण, पंचांग, अक्षरं अशी बारकाईने लिहून ठेवली की विसाव्या शतकात लिपी उलगडताना त्याचीच टिपणं उपयोगी पडली. कुतूहल त्यालाही भरपूर होतं! त्यामुळे 'मला मनापासून जाणून घ्यायचंय' हे वाक्य ऐकलं की मी आधी विचारतो, जाणून घेऊन काय करणार आहात?

(आणि कृपया 'मायन' लिहू नका, भाषांखेरीज सगळीकडे 'माया' चालतं. आमचा हट्ट समजा.)

सुसाट_पिंट्या

आम्ही मेक्सिकोत कॅनकूनहून बसने चिच्येन इत्साचे माया अवशेष केले. गाइडने पिरॅमिडसमोर टाळी वाजवायला लावली, केत्साल पक्ष्यासारखा चिवचिवाट परत आला. मागून पन्नास जणांच्या टाळ्या, पन्नास चिवचिवाट. फ्रिज मॅग्नेट घेतलं, परत. पूजा-बिजा कोणी दिसली नाही, त्यामुळे पापही लागलं नसावं.

कावळा_बसला

पिंट्याशेठ, त्या पिरॅमिडवर, एल कास्तियोवर, चढायला 2006 पासून बंदी आहे, एक बाई पडून गेली त्यानंतर. 2022 मध्ये दुसरी एक वर जाऊन नाचली, तर खाली उतरल्यावर लोकांनीच तिला धरली. आणि डिसेंबर 2012 मध्ये माया पंचांगाप्रमाणे 'जग बुडणार' म्हणून ग्वाटेमालातल्या तिकालच्या अवशेषांपाशी जी गर्दी लोटली, त्यातल्या काहींनी मनाई असताना दुसऱ्या क्रमांकाच्या मंदिरावर चढून दगडांचं नुकसान केलं. जग काही बुडालं नाही. माया लोकांनी तसं म्हटलंही नव्हतं.

पेडणेकर

आमच्याकडे गोव्यात हरमलला या! माया 'काकाव सेरेमनी' आहे, संध्याकाळी, गादीवर बसून. घेणारी युरोपातली, ढोल वाजवणारा दुसरीकडचा, माया एकही नाही. कोकोचा कप, डोळे मिटा, हृदय उघडा. पैसे बरेच. चिचीला निदान त्या म्हातारीच्या हातात तिची पूजा होती हो.

घाटमाथा

पेडणेकर, यावर मात्र कावळ्याचं आणि माझं एकमत. तारीख लिहून ठेवा.

झेंडूची_फुलं

एक उलटं उदाहरणही देते. ग्वाटेमालात इशिमचे म्हणून काकचिकेल माया लोकांची जुनी राजधानी आहे, तिथे अवशेषांच्या मागच्या बाजूला आजही विस्तव पेटतो. मार्च 2007 मध्ये जॉर्ज बुश तिथे येऊन गेले. ते गेल्यावर माया पुजाऱ्यांनी जागा शुद्ध करून घेतली, तीही जाहीर सांगून, वार्ताहरांसमोर. मला ते फार आवडलं. कॅमेरा हवा तेव्हा त्यांनी बोलावला. म्हणजे घाटमाथा, तुमची ताठ मान मला मान्य आहे, पण कॅमेरा कधी यावा हे त्यांनी ठरवलं तर.

रानजाई

सगळं वाचलं. नवऱ्यालाही वाचून दाखवलं, तो कावळा_बसलांच्या बाजूने आहे, नेहमीप्रमाणे.

फोटो अजून फोनमध्ये आहे. डिलीट करायला बोट नेलं आणि थांबले. काढून टाकला तर मला हलकं वाटेल, त्या बाईंना काय फरक पडणार? मोडी_वाचकांच्या प्रश्नाने जास्त टोचलं. जाणून घेऊन मी काय करणार होते, तर ऑफिसात दाखवणार होते.

कावळा_बसला

ऑफिसात दाखवू नका म्हणजे झालं. आणि इथे टाकला नाहीत, हे मी केव्हाच पाहिलंय.

नवखा_प्रवासी

उशिरा आलो. मार्चमध्ये आम्ही चौघं जातोय, सोबत सासूबाई आहेत, वय 68. टेकडी करावी का? बाजार गुरुवारचा बरा की रविवारचा?

झेंडूची_फुलं

गुरुवारचा थोडा सुटसुटीत, रविवारी चर्चपाशी पूजा जास्त. चढ फार नाही, पण माती घसरते, सासूबाईंना काठी द्या. वर पोचल्यावर शिळेपाशी कोणी असेल तर पुढे जाऊ नका, खालच्या अंगाला झाडाखाली बसा. तास लागला तर लागू दे. त्यांनी हाक मारली तर जा. कधी मारतात, हातात मेणबत्ती देतात, घरच्यांची नावं घ्यायला सांगतात. नाही मारली तर ते उठून गेल्यावर शिळा बघा. गाइडला खालीच सांगून ठेवा की विचारपूस करायची नाही, फोन पिशवीतच राहील.

आणि वाऱ्याची दिशा बघून बसा. कोपालचा वास माझ्या स्वेटरमधून चार धुण्यांनंतरही गेला नव्हता.