अनुभव धागा : जपानमध्ये गाइडबरोबर ट्रॅम, बस, लोकलने केलेली छोटी शहरफेरी

मुठाकाठची
काल संध्याकाळी भाचीला घेऊन सिंहगड रोडवरच्या पु. ल. देशपांडे उद्यानात गेले होते. तिने 'पुणे-ओकायामा मैत्री उद्यान' असं वाचलं आणि विचारलं, "मावशी, ओकायामा कोण?" तिला सांगत बसले आणि घरी येईपर्यंत तेच डोक्यात. म्हणून हा धागा काढतेय.

आपली ही बाग ज्या बागेवरून केली ते कोराकुएन जपानमधल्या ओकायामा शहरात आहे. नवऱ्याचं ओसाकाला काम होतं तेव्हा मी एकटीच शिंकानसेनने (बुलेट ट्रेनने) तिथे गेले, पाऊण तासाचा प्रवास. आधी इमेल करून तिथल्या स्वयंसेवक गाइड मंडळींपैकी एका आजींची वेळ घेतली होती. या गाइड लोकांना मानधन द्यायचं नसतं. त्यांचं ट्रॅमचं भाडं आणि बागेचं तिकीट तेवढं आपण काढायचं, दुपार झाली तर जेवण. आजी सत्तरीच्या पुढच्या, निवृत्त शिक्षिका. हातात घडी घातलेला कागद, त्यावर पेन्सिलीने लिहिलेलं: किती वाजता कुठली ट्रॅम, कुठे उतरायचं, बसायला बाक कुठे आहे, स्वच्छतागृह कुठे आहे.

ओकायामाच्या ट्रॅमच्या दोनच लाइनी, मिळून पाच किलोमीटरसुद्धा नाहीत. मागच्या दाराने चढायचं, उतरताना पुढे चालकाजवळच्या पेटीत पैसे टाकायचे. पेटी उरलेले पैसे परत देत नाही, नोट मोडायचं यंत्र शेजारी असतं. आजींनी हे सगळं स्टॉपवर उभं असतानाच सांगितलं. गाडीत त्या जवळजवळ बोलल्याच नाहीत! आधी मला वाटलं दमल्या असतील. मग कळलं की गाडीत मोठ्याने बोलायचं नाही, म्हणून सांगायचं ते चढण्याआधी आणि उतरल्यावर. मधल्या वेळात मी नुसतं बघत होते. शाळेची पोरं, भाजीच्या पिशव्या, चालक प्रत्येक सिग्नलला बोट दाखवून स्वतःशी काहीतरी पुटपुटतोय. हे मला टूरच्या एसी बसमधून कधीच दिसलं नसतं.

शिरोशिताला उतरून चालत बाग. सरदार इकेदा त्सुनामासाने १६८७ ला काम सुरू केलं, १७०० मध्ये पुरं झालं. मोठ्ठी हिरवळ, मधून वाहणारा पाट, एका लाकडी मंडपाच्या तर पोटातून पाणी जातं. आणि एका कोपऱ्यात चहाचा मळा आणि भाताचं खाचर! सरदाराच्या बागेत भातशेती बघून मला इतका आनंद झाला की आजींनी मला तिथेच दहा मिनिटं उभं राहू दिलं. पेन्सिलीच्या वेळापत्रकात तेवढी जागा सोडलेली होती बहुतेक. नदीपलीकडे काळा किल्ला. जुना १९४५ च्या जूनमधल्या बॉम्बहल्ल्यात जळला, आताचा १९६६ साली बांधलेला.

तुम्ही कोणी अशा फेऱ्या केल्या असतील तर लिहा ना. कुठलंही शहर चालेल, फक्त गाडी सगळ्या लोकांची हवी.

शेवगा
काय सुंदर लिहिलंयस गं. त्या बागेत मी रोज सकाळी चालायला जाते, पण ओकायामाची बाग खरोखर कशी आहे ते आज कळलं. आपल्याकडेही कालव्याचं पाणी खेळवलंय तो भाग माझा सर्वांत आवडता.

धुळेकर_८२
हिरोशिमा. ट्रॅम.

आमच्या गाइडने स्टेशनवर मुद्दाम दोन गाड्या सोडून दिल्या. तिसरी आली ती जुनी, ६५१ नंबरची. म्हणाला, ही ६ ऑगस्ट १९४५ ला स्फोटाच्या जागेपासून सुमारे ७०० मीटरवर होती. दुरुस्त केली, अजून धावते. मला आधी खरं वाटेना. माणसं ऑफिसला चालली होती तिच्यातून, कोणी पेपर वाचतंय, कोणी पेंगतंय.

पुरुष लढाईवर गेलेले, म्हणून ट्रॅम कंपनीने १९४३ ला मुलींची शाळा काढली होती. शाळकरी वयाच्या मुली कंडक्टर, आणि काही तर गाडी चालवायच्या. बॉम्ब पडला तेव्हा त्या कामावर होत्या. आणि तिसऱ्या दिवशी, ९ ऑगस्टला, शहराच्या पश्चिमेच्या छोट्या टप्प्यावर ट्रॅम परत सुरू झाली. त्यातही या मुली होत्या. गाइड हे सांगताना खाली बघत होता. मीही.

गेनबाकू डोमच्या, म्हणजे बॉम्बनंतर उभ्या राहिलेल्या घुमटाच्या इमारतीच्या, स्टॉपवर उतरलो. टी आकाराचा आयोई पूल तिथेच, बॉम्बचं लक्ष्य तो होता. मोतोयासु नदीच्या काठी २०२३ पासून गांधीजींचा अर्धपुतळा आहे. तो घडवला राम सुतारांनी, आमच्या धुळे जिल्ह्यातल्या गोंदूरचे. गाइडला हे माहीत नव्हतं. मी सांगितलं, त्याने खिशातून वही काढून लिहून घेतलं, गावाचं नाव दोनदा विचारून. मला तो क्षण फार मोलाचा वाटतो.

मुठाकाठची
धुळेकर, वाचून गप्प झाले. त्या मुलींबद्दल काहीच माहीत नव्हतं.

कोकणकन्या_२
ऑफिसातून लिहितेय, घाईत. हिरोशिमाला जाणाऱ्यांसाठी: ऑगस्ट २०२५ पासून ट्रॅम थेट स्टेशनच्या इमारतीत दुसऱ्या मजल्यावर (आपल्या हिशोबाने पहिल्या) येते. जुन्या ब्लॉगमधले फोटो बघून खाली शोधत बसू नका. बाकी रात्री लिहिते.

ठाणे_स्लो
जेवणाचं काय केलंत सगळ्यांनी? आम्ही पूर्ण शाकाहारी, कांदा-लसूण चालतो. सासूबाईंना घेऊन जायचंय.

निशिकासाईकर
@ठाणे_स्लो, मुख्य अडचण दाशीची, म्हणजे तिथल्या स्वयंपाकातल्या मूळ रश्शाची. सूप, उदोन नूडल्सचा रस्सा, भाजी शिजवतानाचं पाणी, बहुतेक सगळ्यात माशाचा अर्क असतो आणि ताटात तो दिसत नाही. गाइडला आधीच लिहा: मांस नाही, मासा नाही, माशाचं पाणीही नाही. तिन्ही वेगवेगळं लिहायचं, नुसतं 'व्हेजिटेरियन' पुरत नाही. दुकानातली उमेबोशीची ओनिगिरी (खारवलेलं आंबट फळ घातलेला भाताचा गोळा) बहुतेकांना चालते, पण वेष्टनावरचं घटक वाचायला गाइडलाच सांगा. देवळांच्या आवारात शोजिन र्‍योरी मिळालं तर सोडू नका, ते भिक्षूंचं जेवण, मांस-मासे नाहीत.

आता धाग्याबद्दल. मी इथे नोकरीला, तोक्योच्या निशिकासाईत राहतो. २००० सालच्या आसपास संगणकवाले भारतीय तोझाई मेट्रो लाइनीवरच्या या भागात जमायला लागले. आपले योगेंद्र पुराणिक २०१९ मध्ये याच एदोगावा वॉर्डाच्या सभेवर निवडून आले, आपल्या नगरसेवकासारखे. आईबाबा आले तेव्हा मला सुटी नव्हती, म्हणून एका स्वयंसेवक काकांना विचारलं. मी वर्षानुवर्षं इथे असून जे दाखवू शकलो नसतो ते त्यांनी दाखवलं. आराकावा ट्रॅम!

मिनोवाबाशी ते वासेदा, १२.२ किलोमीटर, ३० स्टॉप. तोक्योत पूर्वी ट्रॅमचं जाळं होतं, मोटारी वाढल्या तसं ते काढून टाकलं. ही उरली कारण तिचा बहुतेक मार्ग रस्त्यापासून वेगळा आहे. घरांच्या मागच्या बाजूने जाते, वाळत घातलेल्या कपड्यांजवळून. रुळांच्या कडेला गुलाब लावलेत, मे महिन्यात बघण्यासारखे. काकांनी कोशिन्झुकाला उतरवलं. तिथून सुगामोची बाजारपेठ, सगळी म्हाताऱ्या माणसांची. लाल अंतर्वस्त्रांचं प्रसिद्ध दुकान, मिठाया, काठ्या. तिथल्या देवळात कान्नोन या करुणेच्या देवतेची मूर्ती आहे. आपलं जे दुखतं, मूर्तीचा तो भाग ओल्या फडक्याने पुसायचा. आईने गुडघे पुसले. रांगेतल्या जपानी आजीने स्वतःचे गुडघे दाखवून मान हलवली. मग दोघी हातात हात घालून हसत होत्या, भाषा शून्य. काकांनी पाठवलेला तो फोटो आमच्या देवघराशेजारी आहे.

चिंगी
गुडघे!!! किती गोड. माझ्या आईला दाखवते हे.

मध्यरात्रीचा_चहा
आमच्या कॉलनीत एक काकू आहेत, त्यांनी जपानला जाऊन आल्यापासून घरात वेगळ्या चपला, बाथरूमच्या वेगळ्या... विषय वेगळा आहे, पण आठवलं.

शेवगा
अहो आमच्याकडेही हेच चालू झालंय, मुलगी कोबेला शिकून आल्यापासून. पाहुणे गोंधळतात पण फरशी स्वच्छ राहते हे खरं.

पाटबंधारे_निवृत्त
क्योतोचा अनुभव लिहितो. थोडा मोठा होईल.

तिथल्या सिटी बसला इतकी गर्दी असते की स्थानिकांनाच चढता येत नाही. नुसत्या बसचा दिवसाचा पास त्यांनी २०२३ साली विकणं बंद केलं. आता भुयारी रेल्वे आणि बस मिळून ११०० येनचा आहे. आमच्या गाइड बाई परवानाधारक, पैसे घेऊन काम करणाऱ्या. पूर्वी तिथे परवान्याशिवाय मोबदला घेऊन परदेशी भाषेत गाइडचं काम करता येत नसे, १९४९ चा कायदा होता. जानेवारी २०१८ पासून ते बंधन गेलं. माझा सल्ला असा की परवानाधारक मिळत असेल तर त्याचे पैसे आनंदाने द्यावेत. परीक्षा कठीण असते आणि अभ्यास दिसतो.

मी पाटबंधारे खात्यातला हे कळल्यावर बाईंनी ठरलेलं देऊळ बदललं. भुयारी रेल्वेने केआगेला नेलं. तिथे बिवा तलावाचं पाणी डोंगरातून क्योतोत आणणारा कालवा आहे, १८९० मध्ये पूर्ण झाला. राजधानी तोक्योला गेल्यावर क्योतो ओस पडेल या भीतीने हे काम हाती घेतलं. अभियंता तानाबे साकुरो, काम सुरू झालं तेव्हा विशीतला तरुण. होड्या रुळांवरच्या गाड्यावर चढवून उतारावरून खाली सोडत, ते रूळ अजून आहेत, त्यावरून चालता येतं. १८९१ मध्ये तिथेच पाण्यावर वीज तयार झाली आणि त्या विजेवर १८९५ ला जपानमधली पहिली विजेची ट्रॅम क्योतोत धावली. आपलं खोपोलीचं वीजघर १९१५ चं. नानझेनजी देवळाच्या आवारातून विटांच्या कमानींवरून तेच पाणी जातं. मी कमानीला हात लावून उभा होतो. नोकरीतली सगळी वर्षं पाण्यामागे गेलेल्या माणसाला याहून मोठं देऊळ कोणतं दाखवणार?

क्योतोची महापालिकेची ट्रॅम १९७८ मध्ये बंद झाली. तिथल्या काही गाड्या हिरोशिमाने घेतल्या. धुळेकर, तुम्ही कदाचित बघितल्या असतील.

धुळेकर_८२
बघितल्या काका! क्रीम आणि हिरवा रंग. गाइड म्हणाला होता की दुसऱ्या शहरांच्या जुन्या गाड्या त्यांच्याच रंगात चालवतात. तुमचा प्रतिसाद वाचून आता केआगे यादीत.

ठाणे_स्लो
काका, फार छान. @निशिकासाईकर धन्यवाद, तिन्ही वाक्यं जपानीत लिहून द्याल का? प्रिंट काढून सासूबाईंच्या पर्समध्ये ठेवते.

निशिकासाईकर
व्यनि (व्यक्तिगत निरोप) करतो वहिनी.

कोकणकन्या_२
रात्र झाली, मुलं झोपली. माझा अनुभव ट्रॅमचा नाही, यामानोते लोकलचा. ३४.५ किमीचं वर्तुळ, ३० स्टेशनं, फेरीला तासभर. बाबांना पार्किन्सन्स. लांब चालणं शक्य नव्हतं. गाइड कॉलेजातली मुलगी, इंग्रजी पक्कं करायला हे काम करते म्हणाली. तिने विचारलं, काका चालू शकत नाहीत तर आपण शहरालाच त्यांच्यासमोरून फिरवू या का? दुपारी गर्दी नसताना पूर्ण चक्कर मारली. प्रत्येक स्टेशन यायच्या आधी ती एका पुठ्ठ्यावर लिहिलेलं कार्ड बाबांना दाखवायची, बोलायचं नाही म्हणून. बाबा आयुष्यभर डोंबिवली-व्हीटी केलेले. दर स्टेशनला गाडी सुटतानाची धून वेगळी हे त्यांच्याच लक्षात आलं, माझ्या नाही. मधे दोनच ठिकाणी उतरलो, दोन्हीकडे लिफ्ट कुठल्या डब्यासमोर येते ते तिला पाठ होतं. फलाटावरची खूण बघून त्याच दाराने चढवलं होतं.

बाबा गेले मागच्या वर्षी. ती सगळी कार्डं माझ्याकडे आहेत. त्या मुलीला नवीन वर्षाचं पत्र अजून पाठवते.

मुठाकाठची
गं. मिठी.

पाटबंधारे_निवृत्त
त्या मुलीचं कौतुक करावं तितकं थोडं. असं नियोजन आमच्या काळी मोठमोठ्या अधिकाऱ्यांना सुचत नसे.

शेवगा
मला एक सांगा, टीप देतात का गाइडला? आमच्या ग्रुपमध्ये यावरून वाद.

निशिकासाईकर
नाही. अवघडतात. भारतातून छोटंसं काही न्या, चहाची पुडी, चिक्की. कागदात नीट गुंडाळून दोन्ही हातांनी द्या. माझ्या आईने शेंगदाण्याची चिक्की दिली, काकांनी महिन्याभराने त्यांच्या बायकोने डबा कसा जपून पुरवला ते कळवलं.

चिंगी
आमचा पहिलाच प्रवास, नोव्हेंबर. लेक तीन वर्षांची, मुलगा सात. त्यांचं तिकीट? आणि बाबागाडी ट्रॅममध्ये चालते का?

निशिकासाईकर
सहाच्या आतली फुकट, एका मोठ्या माणसाबरोबर दोन मुलांपर्यंत. मुलाला अर्धं. त्याच्यासाठी मुलांचं आयसी कार्ड (पैसे भरून वापरायचं प्रवासाचं कार्ड) काउंटरवर पासपोर्ट दाखवून काढा, यंत्रावर पूर्ण भाड्याचं निघेल. बाबागाडी चालते, पण जुन्या ट्रॅमला पायऱ्या असतात, घडी होणारी आणा. सकाळी साडेनऊच्या आधी कुठेच निघू नका. गाइडला मुलांची वयं आधी कळवा.

चिंगी
थँक्यू दादा! ओकायामा धरू की हिरोशिमा? दोन्ही जमणार नाही.

मुठाकाठची
मुलं लहान आहेत तर ओकायामा. कोराकुएनमध्ये करकोचे आहेत, आणि मोमोतारोची गोष्ट जाण्याआधी सांगून ठेव, पीचमधून जन्मलेला मुलगा, कुत्रा, माकड आणि फेझंट पक्ष्याला घेऊन राक्षसांशी लढतो. शहरभर तोच दिसतो, तुझा मुलगा मोजत बसेल. गाइडचा फॉर्म महिनाभर आधी भर, नोव्हेंबरात पानं बघायला गर्दी असते.

धुळेकर_८२
+१ ओकायामा. हिरोशिमाला मुलं मोठी झाल्यावर नक्की न्या.